बरोबरीचे गुण आणि वारसाची एक ओळ

सोलापुरातल्या एका सरकारी कार्यालयाच्या फलकावर दुपारी साडेतीनला गुणांची यादी लागली. अक्कलकोट तालुक्यातल्या एका गावच्या पोलीस पाटील पदासाठी पाच जणांनी परीक्षा दिली होती. पहिल्या दोन नावांपुढे एकच आकडा होता, 70. निवड झालेल्या नावापुढे शेऱ्याच्या रकान्यात एकच शब्द होता, ‘वारस’.

हे प्रकरण त्या एका शब्दाचं आहे. मी सोलापुरात आयुष्यभर राज्यशास्त्र शिकवलं. उमरावशाही, कुलीनांची सत्ता, घराण्यांचा राज्यकारभारावरचा प्रभाव हे सगळं ग्रीस, फ्रान्स, इंग्लंडची उदाहरणं देऊन शिकवलं. तोच प्रश्न इतक्या जवळून, इतक्या लहान आकारात आणि इतका नितळ कधी पाहायला मिळाला नव्हता. म्हणून हे सविस्तर लिहितो आहे. गावाचं आणि माणसांची नावं मुद्दाम दिलेली नाहीत. दोघेही उमेदवार माझ्या मुलांच्या वयाचे आहेत, तेव्हा दोघांनाही एकेरीतच संबोधतो.

गाव आणि पद

गाव काळ्या रानाचं, ज्वारी, तूर आणि अलीकडे उसाचं. निम्म्या घरांत कन्नड, निम्म्या घरांत मराठी, आणि बाजारात दोन्ही. पाटलाला इथे ‘गौडा’ म्हणतात. कारहुणवीला, म्हणजे ज्येष्ठ पौर्णिमेच्या बैलांच्या सणाला, बैल वेशीतून पळतात तेव्हा पहिला मान गौडाच्या घरच्या बैलाचा असतो. तो जाईपर्यंत बाकीचे कासरे आवळून उभे राहतात, आणि त्यात कुणाला काही खटकत नाही.

हा सगळा मुलूख 1948 पर्यंत अक्कलकोट संस्थानात होता. त्या संस्थानाच्या जन्माची गोष्ट इकडे पुष्कळांना माहीत असते, पण तिच्यातली खोच फारसं कुणी बोलून दाखवत नाही. 1707 मध्ये शाहू महाराज मोगलांच्या छावणीतून सुटून दक्षिणेकडे येत होते. वाटेत पारद गावाशी चकमक झाली आणि तिथले पाटील सयाजी लोखंडे मारले गेले. त्यांच्या विधवेनं आपलं लहान पोर महाराजांच्या पायावर घातलं. महाराजांनी मुलाला आपलंसं केलं, विजय मिळाला म्हणून फत्तेसिंह नाव ठेवलं, भोसले आडनाव दिलं आणि पुढे अक्कलकोटचा मुलूख दिला. म्हणजे पुढची सव्वादोनशे वर्षं ज्या घराण्यानं ‘आमच्या वंशाचा हक्क’ म्हणून राज्य केलं, त्याचा मूळ पुरुष एका पाटलाचा पोरका मुलगा होता. वंशाच्या हक्काचा उगम वंशात नव्हता, तो एका आईच्या प्रसंगावधानात आणि एका राजाच्या दयेत होता.

संस्थान लहान होतं, 498 चौरस मैलांचं. 1901 च्या खानेसुमारीत लोकसंख्या 82,047 भरली. मूळ करार असा की सातारकरांना घोडदळ पुरवायचं आणि बदल्यात मुलूख खायचा. 1849 मध्ये सातारा खालसा झालं तसे अक्कलकोटकर इंग्रजांचे मांडलिक झाले. 1868 मध्ये ते घोडदळही मोडलं आणि त्याऐवजी वर्षाला 14,592 रुपये भरायचं ठरलं. हा आकडा मी वर्गात नेहमी सांगायचो. ज्या कामासाठी मुलूख मिळाला ते काम संपलं, मुलूख मात्र घराण्याकडेच राहिला. जगभरच्या उमरावशाहीची वाटचाल थोड्याफार फरकानं अशीच झाली आहे. आधी तलवार असते म्हणून जमीन मिळते, मग तलवार म्यानात जाते आणि जमीन ‘वडिलोपार्जित’ होते. अक्कलकोटच्या राजवाड्यातलं शस्त्रागार आज लोक तिकीट काढून पाहतात. तिथे गेलात तर ही वाटचाल भिंतीवर टांगलेली दिसेल.

संस्थानिक वर आणि पाटील खाली, पण तत्त्व एकच होतं. पाटीलकी हे वतन होतं, म्हणजे पिढीजात हक्काचं काम आणि त्याचा पिढीजात मोबदला. वसुली, बंदोबस्त, गावकीचे निवाडे पाटलाकडे, हिशेब कुलकर्ण्याकडे, आणि राखण, वेस, वर्दी, सांगावा महाराकडे. प्रत्येकाचं काम पिढीजात. ब्रिटिश मुलखात 1874 च्या वतन कायद्यानं या पिढीजातपणाला सरकारी शिक्का दिला. कोणत्या घराची किती तक्षीम म्हणजे वाटा, कोणाची पाळी कधी, हे सगळं नोंदवहीत गेलं.

स्वातंत्र्यानंतर हे टप्प्याटप्प्यानं गेलं. परगणा आणि कुलकर्णी वतनं 1950 च्या कायद्यानं, महार वतनासह कनिष्ठ ग्रामवतनं 1958 च्या कायद्यानं, आणि महसुली पाटीलकी 1962 च्या कायद्यानं, 1 जानेवारी 1963 पासून. राहिलं ते पाटलाचं पोलिसी काम. त्यासाठी 1867 चा जुना ग्राम पोलीस कायदा होता. बरोबर शंभर वर्षांनी, 1967 मध्ये, महाराष्ट्र ग्राम पोलीस अधिनियम आला आणि पोलीस पाटील हे नेमणुकीचं पद झालं. आज त्यासाठी जाहिरात निघते, दहावी उत्तीर्ण, स्थानिक रहिवासी, वय 25 ते 45 अशा अटी असतात. 80 गुणांची लेखी आणि 20 गुणांची तोंडी परीक्षा होते. 2024 च्या मार्चमध्ये मानधन 6,500 वरून 15,000 करण्याचा निर्णय झाला, त्यामुळे अर्जही वाढले.

काम मानधनापेक्षा मोठं आहे. गावात गुन्हा घडला, बेवारस प्रेत सापडलं, विहिरीत कुणी पडलं, दोन आळ्यांत तेढ वाढू लागली, परका माणूस चार दिवस मुक्कामाला राहिला, तर पहिली खबर पोलीस पाटलानं ठाण्याला द्यायची. सरकारचं गावातलं पहिलं कान आणि पहिलं तोंड तोच. ते कान कोणाच्या वाड्यात आहेत यावर कोणाची तक्रार वर जाते आणि कोणाची चावडीतच विरते हे ठरतं. पद लहान म्हणून प्रश्न लहान होत नाही.

दोघे

तो मागच्या पोलीस पाटलाचा मुलगा. वय 33, बारावी पास, गावात खत-बियाण्याचं दुकान. वडील साठीला निवृत्त झाले आणि पद दीडेक वर्ष रिकामं राहिलं, शेजारच्या गावच्या पोलीस पाटलाकडे अतिरिक्त कार्यभार होता. तो पोर मला आवडतो. दुकानात उधारीची वही आहे, पण कुणाच्या दारात वसुलीला जाऊन त्यानं आवाज चढवल्याचं मी ऐकलं नाही.

ती माझी विद्यार्थिनी. सोलापूर विद्यापीठातून राज्यशास्त्रात एम.ए. वय 29. माहेर आणि सासर एकाच गावात, नवरा एम.आय.डी.सी.त कामाला, ती घरी पाचवी ते दहावीच्या मुलांची शिकवणी घेते. तिच्या पणजोबांकडे येसकरकी होती, महार वतनातलं काम. म्हणजे वेशीवर बसायचं, रात्री गस्त घालायची, परगावी सांगावा न्यायचा, मेल्याची खबर नातलगांना पोचवायची, सरकारी माणूस आला की त्याच्यापुढे धावायचं. तिची आजी अजून गौडाच्या वाड्यासमोरून जाताना पदर सावरते आणि ‘मालक’ म्हणते. ती स्वतः त्याच्या वडिलांना ‘काका’ म्हणते, आणि ते तिला ‘ये गं पोरी’ म्हणतात. गेल्या पन्नास वर्षांत गाव जेवढं बदललं ते या दोन हाकांत आलं.

पद खुल्या प्रवर्गात होतं. दोघांनी अर्ज केला. लेखी परीक्षेत तिला 59, त्याला 55. तोंडी परीक्षेत त्याला 15, तिला 11. बेरीज दोघांची 70.

तोंडी परीक्षेबद्दल दोघांनी मला वेगवेगळं सांगितलं आणि दोघांचंही जुळलं. त्याला विचारलं की विहिरीत प्रेत तरंगताना दिसलं तर आधी काय कराल. त्यानं सांगितलं, काठावर गर्दी होऊ देणार नाही, कुणाला दोर टाकू देणार नाही, चपला आणि कपडे काठावर असतील तर तिथेच ठेवीन, ठाण्याला फोन करीन आणि पंचनामा होईपर्यंत जागचा हलणार नाही. हे त्यानं पुस्तकात वाचलेलं नव्हतं. नववीत असताना अशाच एका रात्री वडिलांसोबत विहिरीवर तो बॅटरी धरून उभा होता.

तिला विचारलं, रात्री दोन वाजता भांडण झालं तर तुम्ही घराबाहेर पडाल का. ती म्हणाली, पडेन. मग पुन्हा विचारलं, घरच्यांची हरकत नाही ना. त्याला हा प्रश्न कुणी विचारला नव्हता. प्रश्न विचारणाऱ्यांच्या मनात वाईट काही नसेल, असंच मी धरून चालतो. पण चार गुणांचा फरक कुठे पडला असेल याचा अंदाज बांधायला मला फार विचार करावा लागला नाही.

नियम

गुण समान झाले तर काय, याचं उत्तर जाहिरातीतच होतं. पहिलं प्राधान्य पोलीस पाटलाच्या वारसाला, त्यानंतर जास्त शिक्षण असलेल्याला. म्हणजे नेमणूक नियमानुसारच झाली. कुणी फेरफार केला नाही, कुणी फोन केला नाही. तिनं लेखी हरकत घेतली, तिला उत्तर आलं की निवड जाहिरातीतल्या प्राधान्यक्रमानुसार झाली आहे, आणि ते उत्तर खरं होतं. प्रकरण म्हणूनच अभ्यासाचं आहे. अन्याय झाला असता तर ती बातमी झाली असती. इथे सगळं कायदेशीर होतं आणि तरीही काहीतरी सलत होतं.

ते काय, हे शोधायला मी आधी ॲरिस्टॉटलकडे गेलो. त्यानं राज्यांची विभागणी करताना ‘श्रेष्ठांची सत्ता’ आणि ‘मूठभरांची सत्ता’ यांत फरक केला. थोडे लोक सर्वांच्या हितासाठी राज्य करतात तेव्हा ती पहिली, स्वतःच्या हितासाठी करतात तेव्हा ती दुसरी. पहिलीला ग्रीक लोक अरिस्टॉक्रसी म्हणत, आणि त्यात ‘अरिस्टोस’ म्हणजे उत्तम. या शब्दात बाप कुठेच नाही. उत्तम माणसाचा मुलगा उत्तमच असणार असं गृहीत धरलं गेलं तिथून उमरावशाही सुरू झाली. अठराव्या शतकाच्या शेवटी इंग्लंडमध्ये एडमंड बर्क या राजकारणी विचारवंतानं वंशपरंपरेची बाजू मांडली ती थोडी वेगळी होती. पिढ्यान्‌पिढ्या एका घरात कारभार राहिला की त्या घराला दूरचं दिसतं, त्याला जपायला काहीतरी असतं, म्हणून ते सांभाळून वागतं, असं त्याचं म्हणणं. त्याचा समकालीन लेखक टॉमस पेननं उलटून विचारलं की गणितज्ञाचा मुलगा जन्मतः गणितज्ञ असतो का.

मी पेनच्या बाजूचा आहे, पण बर्कचं म्हणणं एका वाक्यात झटकून टाकण्यासारखं नाही. नववीतल्या मुलानं विहिरीच्या काठावर धरलेली बॅटरी हा बर्कचा मुद्दा आहे. घर हीच शाळा असते. रात्री दार वाजलं की बाप उठतो, सदरा घालतो, काठी घेतो आणि बायकोला ‘कडी लाव’ म्हणतो, हे पाहत वाढलेलं पोर पदाचं अर्धं काम शिकूनच येतं.

आपल्याकडच्या राज्यविचारात या प्रश्नावर सर्वांत धारदार बोललेलं आढळतं ते रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात, अठराव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात. वतनदारांना वतनदार म्हणणं ही नुसती बोलायची रीत, खरं पाहता ते आपापल्या जागेचे छोटे स्वतंत्र नायकच आहेत, आणि राज्याचे ‘दायाद’ आहेत असं अमात्य लिहितात. दायाद म्हणजे वाटेकरी भाऊबंद. त्यांना मोकाट सोडायचं नाही आणि तोडायचंही नाही, स्नेह आणि दंड यांच्या मध्ये ठेवायचं, असा त्यांचा सल्ला. हे लिहिणारा माणूस स्वराज्याचा अमात्य होता, वतनदारांबरोबर त्याचा रोजचा व्यवहार होता. सत्तेला घराण्यांची गरजही असते आणि भीतीही वाटते, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. आजची वारसाची ओळ मला त्याच स्नेहाची उरलेली खूण वाटते. वतनं काढून घेतली, मग समजूत घालायला एक ओळ ठेवली.

अशी समजूत फक्त आपणच घातलेली नाही. ब्रिटिशांनी 1999 मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्समधून, म्हणजे संसदेच्या वरिष्ठ सभागृहातून, वंशपरंपरागत सरदारांना बाहेर काढलं, तरी तडजोड म्हणून 92 जागा त्यांच्यासाठी राखून ठेवल्या. मोठी भिंत पाडायची आणि एक खिडकी तशीच ठेवायची, हे कायदेमंडळांना सोयीचं असतं. खिडकीतून येणाऱ्याला मात्र ती वाट आपल्या हक्काची वाटू लागते.

घटना काय म्हणते

आपल्या घटनेचं कलम 16 सरकारी नोकरीतल्या समान संधीचं आहे. त्याच्या दुसऱ्या पोटकलमात केवळ धर्म, वंश, जात, लिंग यांबरोबर केवळ कुळ हाही भेदाचा आधार होऊ शकत नाही असं स्पष्ट लिहिलं आहे. घटनासमितीनं हा शब्द उगीच घातला नाही, त्यांच्यासमोर वतनांचा सगळा देश होता.

1960 च्या डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयापुढे गझुला दशरथ रामा राव यांचं प्रकरण आलं. आंध्रातल्या एका गावच्या मुनसफाचं, म्हणजे तिकडच्या पाटलासारखं पद होतं, आणि 1895 च्या मद्रास कायद्याचं कलम 6(1) सांगत होतं की अशा पदावर आधीच्या अधिकाऱ्यांच्या वारसांतूनच माणूस घ्यायचा. न्यायालयानं म्हटलं की हे राज्याचं पद आहे, खासगी मालमत्ता नाही, आणि फक्त कुळावरून निवड करणं कलम 16(2) ला सोडून आहे. मद्रास कायद्याचं ते कलम रद्द झालं. पुढे 1987 मध्ये योगेंदर पाल सिंग यांच्या प्रकरणात दिल्ली पोलिसांतल्या कर्मचाऱ्यांच्या मुला-नातलगांना भरतीत दिलेली सवलतही न्यायालयानं कलम 16 विरुद्ध ठरवली. पोलिसाचा मुलगा म्हणून पोलीस होता येणार नाही, हे त्यात आलं.

मग समान गुणांनंतर येणारी वारसाची ओळ टिकते कशी? वकील मंडळींचा युक्तिवाद असा असतो की इथे वारस हा मुख्य निकष नाही, गुणवत्ता आधी पाहिली, बरोबरी झाली म्हणून दुसरा निकष लागला. ऐकायला हे पटतं. मला पटत नाही. दोन माणसं गुणांत समान आहेत हे आपण स्वतः मान्य केल्यावर त्यांच्यात निवड करताना उरतो तो एकच फरक, आणि तो कुळाचा. ‘केवळ’ कुळ म्हणतात ते हेच. बरोबरी झाली तेव्हा निकष सौम्य झाला नाही, तो अधिक उघडा पडला.

बरोबरी सोडवायला दुसऱ्या वाटा नव्हत्या असंही नाही. लेखीचे गुण पाहता आले असते, शिक्षण पाहता आलं असतं. त्याच गावात ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत दोन उमेदवारांना समान मतं पडली तर कायद्यानं चिठ्ठी काढतात. तहसीलदारासमोर एखाद्या शाळकरी पोराला बोलावून बरणीत हात घालायला लावतात. ॲरिस्टॉटलनं नोंदवलं आहे की चिठ्ठीनं पद देणं हे लोकशाहीचं लक्षण मानलं जातं आणि निवडणुकीनं देणं हे मूठभरांच्या सत्तेचं. चिठ्ठीला घर कळत नाही, जात कळत नाही, बापाचं नाव कळत नाही. म्हणजे एकाच गावात, एकाच वेशीच्या आत, सदस्याच्या पदाची बरोबरी चिठ्ठीनं सुटते आणि पोलीस पाटलाची बरोबरी जन्मानं.

दोन वारस

आता मला जे खरोखर सांगायचं आहे ते.

तिनं एका संध्याकाळी जाहिरातीची झेरॉक्स माझ्यासमोर ठेवली. वारसाच्या ओळीखाली लाल रेघ मारलेली. मला वाटलं ती म्हणेल, सर, वारस हा निकषच चुकीचा आहे. ती म्हणाली, “सर, वारस मी पण आहे.”

मी थांबलो. ती पुढे बोलत राहिली. गावात खबर देण्याचं काम कोण करत होतं? पाटील सांगायचा, पण चालत कोण जायचं? रात्रीची गस्त कोणाची? वेशीवर परका आला तर पहिल्यांदा अडवायचं कोणी? चोराचा माग कोणी काढायचा? गौडाच्या पोरानं एका रात्री विहिरीवर बॅटरी धरली, आमच्या घरातल्या माणसांनी पाच पिढ्या मशाल धरली. आजीच्या सासऱ्यांचे पाय टाचांपासून फाटलेले असायचे, असं आजी सांगते. अनुभव जर घरातून येतो असं सरकारला मान्य असेल, तर तो अनुभव फक्त वाड्यातच जमा होतो का?

उमरावशाहीवर मी जे काही वाचलं आहे त्यात हा मुद्दा इतक्या नेमकेपणानं मांडलेला मला आठवत नाही. वंशपरंपरेचं समर्थन करणारे नेहमी कारभाराच्या अनुभवाचं नाव घेतात. पण अनुभव कोणाचा मोजायचा हे आधीच ठरलेलं असतं. हुकूम देणाऱ्याचा अनुभव वारसा होतो आणि हुकूम पाळणाऱ्याचा अनुभव नुसती मजुरी राहतो. महार वतनात काम होतं चोवीस तासांचं, सगळ्या घराचं, आणि मोबदला होता तुटपुंजी इनामी जमीन आणि बलुतं. बाबासाहेब आंबेडकरांनी 1928 मध्ये मुंबई कायदेमंडळात वतन कायद्याच्या दुरुस्तीचं विधेयक मांडलं ते या गुलामीतून माणसं सोडवण्यासाठी. ती सुटली हे योग्यच झालं. पण वतनं गेल्यावर एका बाजूच्या घराला जाहिरातीत ‘वारस’ म्हणून जागा राहिली आणि दुसऱ्या बाजूच्या घराची सेवा कोणत्याच रकान्यात उरली नाही.

तिला येसकरकीचा हक्क हवा आहे असा याचा अर्थ कुणी काढू नये. तिनं मला स्पष्ट सांगितलं, “वारस मोजायचे तर दोघांचे मोजा, नाहीतर कुणाचेच नको.” मला दुसरा पर्याय योग्य वाटतो, आणि तिलाही.

इथे एक फरक करायला हवा, कारण गावात लगेच ‘मग कारहुणवीचा मानही काढणार का’ असा प्रश्न आला. मान वेगळा, पद वेगळं. सोलापुरात सिद्धेश्वराच्या यात्रेत सात नंदीध्वज निघतात, त्यांचे मानकरी पिढीजात आहेत, आणि शहर त्या मानावर प्रेम करतं. मानकऱ्यानं नंदीध्वज पेलला म्हणून कुणाची फिर्याद दाबली जात नाही, कुणाचा दाखला अडत नाही. पोलीस पाटलाच्या सहीनं मात्र या गोष्टी होऊ शकतात. जिथे दुसऱ्याच्या आयुष्यावर राज्याचा हात पडतो तिथे तो हात कोणत्या घरचा आहे हे जन्मानं ठरता कामा नये. बैल खुशाल आधी जाऊ देत.

त्याचं म्हणणं

मी त्याच्याकडेही गेलो. दुकानात पोत्यांवर बसूनच बोललो. नेमणुकीचा आदेश हातात पडून महिना झाला होता, चेहऱ्यावर समाधान नव्हतं. तो म्हणाला, “सर, मी अभ्यास केला होता. चार महिने रात्री दुकान बंद करून वाचत होतो. आता सगळे म्हणतात बापाच्या नावावर मिळालं. ती ओळ नसती आणि चिठ्ठीत हरलो असतो तरी चाललं असतं मला.”

एवढ्या गोष्टींत ही गोष्ट माझ्या मनाला सगळ्यांत जास्त लागली. वारसाच्या ओळीनं त्याला पद दिलं आणि त्याच्या 70 गुणांची किंमत काढून घेतली. लेखीचे 55 गुण त्याचे स्वतःचे होते, ते आता कुणालाच दिसत नाहीत.

त्याच्या वडिलांचं मत वेगळं आहे. त्यांना या ओळीत घराचा सन्मान दिसतो, आणि निवृत्तीनंतर माणसाला असा सन्मान हवासा वाटतो. मी त्यांच्याशी वाद घातला नाही. चहा झाल्यावर त्यांनी आतून एक पत्र्याची ट्रंक आणली. आत जुने कागद, एक पितळी बिल्ला, वाळवीनं कडा खाल्लेलं रजिस्टर. “सर, तुम्हाला मोडी वाचता येते म्हणे,” ते म्हणाले.

पुढचं काम

पोलीस पाटलाच्या नेमणुकीचे वाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणापुढे जातात, सोलापूरकरांना मुंबईला. मुदत आदेशापासून एक वर्षाची. तिच्या वकिलानं तिला आधीच सांगितलं आहे की केवळ ओळ रद्द करा असं मागून चालणार नाही, पदही मागावं लागेल. ती त्यावर अडली होती. पद मागायचं म्हणजे त्याचं पद काढायचं, आणि त्याच्या दुकानातून तिच्या सासऱ्यांच्या चार एकरांची खतं येतात, उधारीवर. दोन आठवडे विचार करून ती म्हणाली, “मागते. त्याला सांगूनच मागते.” ती दुकानात गेली आणि सांगून आली. तो म्हणाला, माग.

मी तिच्या अर्जाच्या मसुद्यात दोन गोष्टी सुचवल्या आहेत. एक, 1960 आणि 1987 चे दोन्ही निकाल समोरासमोर ठेवून दाखवायचं की बरोबरीनंतर लागणारा कुळाचा निकष हा ‘केवळ’ कुळाचाच असतो. दोन, तोंडी परीक्षेचे प्रश्न सर्वांना सारखे विचारले जावेत, म्हणजे रात्री दोन वाजता कोण बाहेर पडणार हे पुरुषालाही विचारलं जाईल. दुसऱ्या मुद्द्याला न्यायाधिकरण कितपत हात घालेल याबद्दल वकील साशंक आहेत. मी तो मसुद्यात ठेवायला सांगितला आहे.

तिसरी गोष्ट तिनं स्वतः शोधली. आपल्या घराकडे येसकरकी होती याचा कागद जोडायचा, म्हणजे ‘वारस’ हा शब्द एकाच बाजूला का लागला हे दिसेल. जुन्या वतनाच्या नोंदीच्या नकलेसाठी तिनं अर्ज केला, ती अजून मिळालेली नाही.

कागद मिळाला तो ट्रंकेत. रजिस्टरच्या आत घडी घातलेलं एक पान होतं, संस्थानच्या काळातलं, वेशीबाहेर सापडलेल्या एका बेवारस म्हाताऱ्याच्या प्रेताबद्दलचं. मी खिडकीजवळ नेऊन वाचलं, तो आणि ती माझ्या दोन बाजूंना उभे होते आणि म्हातारे गौडा खाटेवर बसून ऐकत होते. प्रेत कुठे होतं, अंगावर काय होतं, कोणी आधी पाहिलं, कोण रात्रभर राखणीला बसलं, कोण पहाटे अक्कलकोटला वर्दी घेऊन गेलं. शेवटी पाटलाची मोडी सही, आणि खाली डावीकडे काळ्या शाईचा अंगठा, शेजारी येसकराचं नाव. ते तिच्या पणजोबांचं होतं. तिनं पानाचा मोबाईलवर फोटो काढला. तेवढ्यात म्हाताऱ्या गौडांनी मुलाला हाक मारली आणि म्हणाले, “फोटो कशाला, मूळ कागदच ने म्हणावं तिला. काम झालं की परत आणून दे.”